विंगेतले मास्तर

वारूळवाडीतल्या त्या घरात भाड्यानं राहायला गेले, तेव्हा पहिले चार-पाच दिवस मला वाटत होतं की घरमालकांचा घसा बसलाय. खोलीची किल्ली काकूंनी दिली, नळाला पाणी कधी येतं ते काकूंनी सांगितलं, मोरीची कडी कशी अडकते तेही त्यांनीच दाखवलं. घरमालक मागे उभे राहून नुसती मान हलवत होते. एकदा त्यांनी मला काहीतरी विचारलं, ते इतकं हळू की मी दोनदा "काय?" म्हटलं. शेवटी मी काकूंना म्हणाले, "काकांना हळद-दूध देऊन बघा ना."

काकू मोठ्यांदा हसल्या. "घसा चांगला हाय त्यांचा. ते बोलत्यातच तसं."

गाव त्यांना मास्तर म्हणायचं. शाळेतले मास्तर नव्हेत, शिंपी. नारायणगावच्या पेठेत त्यांचं दुकान होतं आणि तमाशाच्या फडांचे भरजरी कपडे शिवण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. मोठ्यानं बोलायला गेले की मास्तर तोतरे बोलत, लहानपणापासून. पण कुजबुजले की एक अक्षर अडत नसे. हे त्यांना कधी आणि कसं उमगलं कोण जाणे, पण उमगल्यावर त्यांनी मोठ्यानं बोलणं सोडूनच दिलं.

मशीन चालू असताना कुजबूज ऐकू जात नाही. म्हणून मास्तरांना बोलायचं असलं की आधी पायडलवरचा पाय थांबायचा. बोलणं म्हणजे काम बंद, तेव्हा ते बेतानंच बोलत. गिऱ्हाइकंही त्यांच्यासमोर आपोआप हळू बोलू लागत. फडातल्या एरवी बोर्डावर, म्हणजे तमाशाच्या रंगमंचावर गर्जणाऱ्या बायका त्या दुकानात चोळीचं माप अशा आवाजात सांगत, जणू शेजारी कोणी आजारी माणूस झोपलंय.

कधी चुकून आवाज वर गेला आणि शब्द अडला, की समोरचा माणूस तो पुरा करून टाकी. ही सवय सगळ्या गावाला होती, काकूंना सगळ्यांत जास्त. एकदा जेवताना मास्तरांना ताक हवं होतं. "ता-ता" एवढं झाल्याबरोबर काकूंनी तांब्या आणून ठेवला. मास्तर त्यातलं पाणी प्यायले आणि पुढचा घास घेतला. मला ते फार लागलं. त्यांना काही वाटल्याचं दिसलं नाही.

नव्वदच्या दशकाचे शेवटचे दिवस होते. मी कॉलेजात तासिका तत्त्वावर मराठी शिकवत होते. आज ना उद्या कायम होऊ या आशेवर दर जूनला नवा अर्ज करायचा, असं चाललं होतं. तृतीय वर्षाला एक जुनी शोकांतिका नेमलेली होती. गढीचा एक सरदार. गढीला वेढा पडलाय आणि त्यानं हुकूम काढलाय की पहाट होईपर्यंत दरवाजा कोणासाठीही उघडायचा नाही. लढाई थांबावी म्हणून बोलणी करायला त्याची मुलगीच गुपचूप बाहेर गेलेली असते. ती परत येऊन दार ठोठावते. सरदार दार उघडत नाही. पहाटे उघडतात तेव्हा ती उंबऱ्याशी मरून पडलेली असते. शेवटच्या अंकात तिचं डोकं मांडीवर घेऊन सरदार दीड पान बोलतो आणि नाटक संपतं.

मला तास आधी म्हणून बघायची सवय होती. खोलीत येरझाऱ्या घालत मी भिंतीला सांगत होते, "सरदाराचा अहंकार हाच त्याचा स्वभावदोष." इतक्यात दार वाजलं. बाहेर मास्तर उभे. काखेत एक पुस्तक, अस्तराच्या कापडात बांधलेलं.

"बाई, रागावू नका," ते कुजबुजले. "पण अहंकार म्हणायच्या आधी एक ठरवा. पोरीचा आवाज त्याला वळखू आला का न्हाई?"

मी म्हणाले, "नाटकात तसं स्पष्ट नाही. समीक्षकांमध्ये दोन मतं आहेत."

"हाय ना स्पष्ट. हे बघा." त्यांनी पान उघडलं. समासात शिंप्याच्या खडूच्या निळ्या रेघा होत्या. "पहारेकऱ्याला तो इचारतो, कोण आहे? परत इचारतो, कोण आहे? आन् पुन्हा. ज्याला ठाऊक नसतं तो एकदा इचारतो, बाई. ज्याला ठाऊक असतं त्यो तीनदा."

मी त्या नाटकावरची चार पुस्तकं वाचली होती. हे एकातही नव्हतं.

"मग त्यानं दार का उघडलं नाही?" मी विचारलं.

मास्तरांनी पुस्तक मिटलं. "ते मी न्हाई सांगू शकत," म्हणाले आणि गेले.

तेव्हा मला कळलं की हे गृहस्थ पंचवीसेक वर्षं त्या नाटकाचे प्रॉम्प्टर होते. पिंपळवंडीच्या यात्रेत हौशी मंडळी दर साली तेच नाटक करायची. कधी काळी कोणा शिक्षकानं बसवून दिलं आणि मग तो रिवाजच होऊन बसला. सगळी संहिता मास्तरांना तोंडपाठ होती. सरदाराची भूमिका त्यांच्याइतकी कोणाला कळली नव्हती आणि ती करणं त्यांच्या नशिबी नव्हतं. कुजबुजणाऱ्या माणसाला विंग तेवढी मोकळी होती.

माझी समीक्षेची पुस्तकं ते एकेक करून घेऊन गेले. वाचून झालं की परत आणून देत आणि दारातच निकाल सांगत. एका जाड ग्रंथाबद्दल म्हणाले, "माणूस हुशार हाय. पण पुढं खुर्चीत बसून बघतो. त्याला नटाची पाठ दिसत न्हाई. भ्यालेल्या माणसाची पाठ आधी भिजते, बाई. तोंड लई उशिरा."

या नाटकाची आमच्या भागात एक ख्याती होती. शेवटचं ते दीड पानाचं भाषण पिंपळवंडीत कोणी म्हणतच नसे. सरदार मुलीचं डोकं मांडीवर घेऊन नुसता बसायचा. एक शब्द नाही. प्रेक्षक ढसाढसा रडायचे आणि पडदा पडायचा. सरदाराचं काम करणारा पिंपळवंडीचाच एक बागायतदार होता, आडदांड, पहाडी आवाजाचा. मास्तरांचा बालमित्र. त्या शांततेनं त्याचं नाव एवढं झालं की लोक त्याला सरदारच म्हणू लागले, पुढं रेशन दुकानातसुद्धा. मी दोनदा जाऊन तो प्रयोग पाहिला होता. अंगावर काटा आला होता.

दोन-तीन वर्षांनी आमच्या कॉलेजात शोकांतिकेवर चर्चासत्र ठरलं. पुण्याहून मोठी माणसं येणार होती. प्राचार्य मला म्हणाले, "तुम्ही एक चांगला निबंध वाचा. तुमच्या अर्जाच्या दृष्टीनं बरं." मी त्या शांततेवर लिहिलं. लेखकाचे शब्द जिथे थिटे पडतात तिथे एक गाव मौन निवडतं, असा काहीसा सूर होता. मला तो निबंध फार आवडला होता. वाचून दाखवायला मी दुपारी दुकानात गेले. मास्तर एका शालूला टिकल्या लावत होते. अर्ध्यावर त्यांची सुई थांबली. मला वाटलं, भारावलेत.

वाचून झाल्यावर त्यांनी सुई शालूतच टोचून ठेवली. मग उठले, दुकानाचं दार लोटून घेतलं आणि माझ्यासमोर बसले.

"त्या शांततेत काई न्हाई, बाई. ती माझी बदमाशी हाय."

आणि त्यांनी सांगितलं. कुजबुजत, न अडखळता, शर्टाचं माप सांगावं तसं.

ती शांतता पहिल्यांदा झाली त्या साली, यात्रेत प्रयोगाच्या आधी शाळेच्या खोलीत रंगरंगोटी चालली होती. सगळे नट होते, गावातली चार मोठी माणसं होती. काकू डबा घेऊन आल्या होत्या. सरदार तोंडाला रंग लावून बसला होता. कोणीतरी म्हणालं, पुढच्या साली मास्तरांना सरदार करू. त्यावर तो उठला आणि मास्तर ते भाषण कसं म्हणतील त्याची नक्कल केली. "मा-मा-माझी ले-ले-लेक" करत. सगळी खोली हसली.

"आमची ही पण हसली," मास्तर म्हणाले. "तोंडाला पदर लावून हसली. पण हसली."

शेवटच्या अंकात सरदार मुलीचं डोकं मांडीवर घेऊन बसला आणि त्याला भाषणाचं पहिलं वाक्यच आठवेना. शब्द हवा असला की दोन बोटं जमिनीवर वाजवायची, ही दोघांची ठरलेली खूण. त्यानं बोटं वाजवली. थांबून पुन्हा वाजवली. विंगेत मास्तर पुस्तकावर टॉर्च धरून उभे होते. वाक्य ओठावर होतं.

"मी टॉर्च बंद केली. म्हटलं, कर आता. सगळ्या गावापुढं हो तोतरा. त्यानं विंगेकडं पायलं. डोळ्याला पाणी व्हतं त्याच्या, भीतीचं. लोकांना वाटलं पोरीसाठी रडतोय. बायांमधनं एक हुंदका आला. मग सगळी जत्राच रडाय लागली. मी त्याला पाडायला गप बसलो, आन् त्याचं नाव झालं."

पडदा पडल्यावर सरदार धावत विंगेत आला आणि मास्तरांच्या पाया पडला. म्हणाला, तू शब्द दिला असतास तर मी पोपटासारखा बोलून गेलो असतो, तू मला गप ठेवलंस. त्याला खरंच तसं वाटलं होतं. तेव्हापासून दर यात्रेला प्रयोगाआधी तो आपल्या हातानं मास्तरांना फेटा बांधायचा. आणि मास्तर तो बांधून घ्यायचे.

मी काय म्हणाले ते सांगायला मला आजही जड जातं. चर्चासत्र पंधरा दिवसांवर होतं. मी म्हणाले, "मास्तर, हे कोणाला कळायची काय गरज? हेतू काही का असेना, लोकांना जो अर्थ मिळाला तो खरा."

"तुमी लिहिलंय ते लिहिलंय," ते म्हणाले. "मी सांगून येतो त्याला."

त्यांना एकटं जाऊ देणं मला बरं वाटेना, म्हणून रविवारी मी बरोबर गेले. पिंपळवंडीत सरदाराच्या खळ्यावर कांद्याची निवड चालली होती. आठ-दहा बाया बसलेल्या. सरदार बाजेवर होता. सत्तरीला टेकलेला, शरीर अजून भक्कम, पण मधल्या काळात कान पार गेले होते. "या मास्तर! या बाई!" त्याचा आवाज रस्त्यापर्यंत गेला असेल. "च्या टाका गं!"

मास्तर त्याच्याजवळ बसले आणि कानाशी तोंड नेऊन कुजबुजू लागले.

"काय?" सरदार ओरडला. "मोठ्यानं बोल, राव. आता मला असलं ऐकू येत न्हाई!"

मास्तर पुन्हा कुजबुजले. सरदारानं हसून मान हलवली. मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, मी सांगावं. मी पुढे झाले, तर त्यांनी हात वर करून मला थांबवलं. आणि ते मोठ्यानं बोलले. इतक्या वर्षांत मी त्यांचा मोकळा सोडलेला आवाज पहिल्यांदा ऐकला. जाडसर, खालच्या पट्टीतला, वयाला न शोभणारा तरणा आवाज.

"तू भा-भाषण इसरला व्हतास, त्या रातीला. तू बो-बो-बोटं वाजवली. माझी टॉ-टॉ-टॉ..."

"टॉर्च!" सरदारानं वाक्य उचललं. "ती तू मला गप ठेवाय बंद केलीस, ठाव हाय मला! आरं मग एवढं काय त्यात!"

बायांचे हात कांद्यावर थांबले होते. मास्तरांनी नुसती मान हलवली असती तरी भागलं असतं. आयुष्यभर हलवत आले होते तशी. ती वाट सरदारानंच त्यांच्यापुढे करून दिली होती.

"न्हाई," मास्तर म्हणाले. "तु-तुला पा-पा-पाडायला बं-बंद केली."

सरदार बाजेवर पुढे सरकला. "का?"

"तू माझी न-न-नक्कल केलीस."

"कवा?"

त्याला आठवतच नव्हतं. मास्तरांचा चेहरा तेव्हा कसा झाला ते मी विसरू शकत नाही. ज्या गोष्टीपायी त्यांनी एवढं केलं आणि एवढी वर्षं सोसलं, ती समोरच्याच्या लेखी घडलीच नव्हती.

मग सरदार बोलला तो स्वतःशी बोलल्यासारखा, त्याच्या मानानं अगदी हळू. "म्हंजे मी काईच केलं न्हाई त्या वक्ताला. मला वाटायचं, जलमात तेवढं एक माझ्या हातनं झालं."

तो उठून घरात गेला. चहा आला, पण तो बाहेर आला नाही. आम्ही चहा घेतला आणि रस्त्यावर येऊन जीपची वाट बघत उभे राहिलो. "चांगलं केलं का वाईट, बाई?" मास्तरांनी विचारलं. मी येणाऱ्या जीपला हात केला.

तीन दिवसांनी मी कॉलेजातून दुकानावरून येत होते तर सरदार दुकानाच्या पायरीवर बसलेला. मास्तरांकडे न बघता, रस्त्याकडे तोंड करून तो म्हणाला, "ते भाषण मला पाठ करून दे. एकदा म्हणायचंय. पुरं."

पुढचा आठवडाभर तो रोज दुपारी आला. त्याला ऐकू येत नव्हतं म्हणून मास्तरांना मोठ्यानं सांगावं लागे, आणि मोठ्यानं सांगताना प्रत्येक वाक्य दोन-तीनदा अडे. सरदाराचं पाठांतरही आता पहिलं राहिलं नव्हतं. पेठेतले लोक येता-जाता थबकत. मास्तरांचा असा मोकळा आवाज अनेकांनी तेव्हाच पहिल्यांदा ऐकला. एक दिवस काकू डबा घेऊन आल्या आणि पायरीवरच उभ्या राहिल्या. मास्तर एका शब्दावर अडकले होते. काकूंना तो शब्द नक्की ठाऊक होता, मी त्यांच्या ओठांकडे बघत होते. त्यांनी पदराचं टोक दातात धरलं आणि मास्तरांच्या तोंडून शब्द बाहेर पडेपर्यंत सोडलं नाही.

चर्चासत्रात माझी पाळी आली तेव्हा मी सांगितलं की मी निबंध वाचणार नाही, त्याऐवजी या नाटकाचा शेवटचा प्रवेश बघा. प्राचार्यांच्या कपाळावर आठी उमटली. पुढच्या जूनला माझा अर्ज मंजूर झाला नाही. दोन्हींचा संबंध होता की नव्हता, मी कधी विचारलं नाही.

सकाळचे अकरा वाजले होते, हॉलच्या सगळ्या खिडक्या उघड्या होत्या. आंबेगावच्या डोंगरपट्ट्यातून शिकायला आलेली माझी एक विद्यार्थिनी मुलगी झाली होती. तिचं डोकं मांडीवर घेऊन सरदार बसला. पहिली चार वाक्यं त्यानं म्हटली. पाचवं येईना. त्यानं दोन बोटं फरशीवर वाजवली.

बाजूच्या पडद्याआडून मास्तरांचा आवाज आला. कुजबूज नव्हे, सगळ्या हॉलला ऐकू जाईल असा. "हे दा-दा-दा..." मागच्या बाकांवर हसू फुटलं. सरदाराला शब्द कळला असणार, एवढं सोपं होतं. पण तो थांबला. पडद्याकडे तोंड करून, मान किंचित कलती ठेवून, मास्तरांचं पुरं होईपर्यंत थांबला. "हे दा-दार आता ला-लावू नका." मग त्यानं ते वाक्य घेतलं आणि म्हटलं. त्यानंतर प्रत्येक वाक्य तसंच झालं. आधी पडद्याआडून तुटत तुटत यायचं, मग मुलीवर वाकलेल्या त्या म्हाताऱ्याच्या तोंडून. दीड पानाला किती वेळ लागला मला माहीत नाही. हसणारी पोरं केव्हा गप्प झाली तेही कळलं नाही. काम चांगलं झालं का? पूर्वीइतकं नाही. कोणी ढसाढसा रडलं नाही. मांडीवरच्या त्या पोरीच्या मिटल्या डोळ्यांतून मात्र पाणी आलेलं मी पाहिलं. ते नाटकात बसत नव्हतं.

नंतरच्या चर्चेत पुण्याच्या एका प्राध्यापकांनी विचारलं, "शोकाला अडखळणाऱ्या वाणीतून मांडण्याची ही दिग्दर्शकीय कल्पना कोणाची?" सरदाराला ऐकू आलं नाही. मास्तरांनी ते त्याच्या कानाशी मोठ्यानं, सावकाश सांगितलं. सरदार म्हणाला, "त्यांना म्हणावं, आमच्या दोघांची जुनी भानगड हाय ती." हॉल हसला. ते दोघे हसले नाहीत.

फेटा त्यानं पुन्हा बांधला का, हे मला ठाऊक नाही. मी त्याच वर्षी मंचरला दुसऱ्या नोकरीवर गेले. मास्तर दुकानात पुन्हा कुजबुजतच बोलत, असं काकू फोनवर सांगायच्या. माणूस एका दिवसात बदलत नाही.

चार-पाच वर्षांनी सरदार गेला. दशक्रियेला मी पिंपळवंडीला गेले. नदीच्या घाटावर मांडव होता. प्रवचन झालं, मग आमच्याकडच्या रीतीप्रमाणे श्रद्धांजलीची भाषणं सुरू झाली. सोसायटीचे झाले, पंचायत समितीचे झाले, कारखान्याचे झाले. प्रत्येकानं त्या गाजलेल्या शांततेचा उल्लेख केला. सूत्रसंचालक आभार मानायला उठला, तेवढ्यात माणसांतून मास्तर उठले. बरेच वाकले होते. माइकपाशी जाऊन त्यांनी तो दोन्ही हातांनी धरला.

सगळा घाट त्यांना ओळखत होता. मला भीती वाटली की कोणीतरी शब्द पुरवेल. मास्तरांच्या तोंडून पहिलं अक्षर निघालं आणि अडलं. लाउडस्पीकरमधून ते अक्षर नदीवर गेलं, पलीकडच्या उसात गेलं. माणसं खाली मान घालून बसून राहिली. शब्द कोणी पुरवला नाही.

"ह्याला प-प-पवायला मी शिकवलं," मास्तर म्हणाले. "ह्याच डो-डोहात."

एवढंच बोलून ते आपल्या जागेवर येऊन बसले.